परागंदा चित्रपट

२०२४ सालच्या दिवाळीच्या सुट्टींत एका संध्याकाळीं आमच्या आठ वर्षांच्या नातीनें आम्हांस विचारलें, “आजोबा, राम डावखुरा होता का?”

प्रश्न ऐकून आम्ही क्षणभर गोंधळलों. वाल्मीकींनीं रामाच्या बाहूंचें, स्कंधांचें आणि चालण्याबोलण्याचें वर्णन पुष्कळ केलें आहे. परंतु तो डाव्या हातानें प्रत्यंचा ओढीत असे असें आमच्या वाचनांत कधीं आलें नव्हतें. मग पडद्याकडे नीट पाहिलें, तेव्हां उलगडा झाला. पडद्यावरील राम खरोखरच डाव्या हातानें बाण सोडीत होता. लक्ष्मणहि डावखुरा, रावणहि डावखुरा, आणि सबंध वानरसेनाहि डावखुरी! चित्रपट आरशांत धरल्याप्रमाणें उलटा केलेला होता. परवानगीवांचून दुसऱ्याचा चित्रपट संगणकाच्या जाळ्यावर टाकणारे लोक असें मुद्दाम करितात. कारण चोरीचा माल ओळखण्यासाठीं जीं यंत्रें बसविलेलीं असतात त्यांना उलटें चित्र सहसा ओळखतां येत नाहीं. चोरानें घोड्याच्या कपाळावरील चांदवा रंगवून तो बाजारांत उभा करावा, तसलाच हा प्रकार. फरक एवढाच कीं, येथें घोड्याच्या ऐवजीं प्रभु रामचंद्र होते.

वाचकांनीं आमच्याविषयीं गैरसमज करून घेऊं नये. चोरीचा माल घेण्यासाठीं आम्ही बाजारांत गेलों नव्हतों. आमच्या घरीं चित्रपट दाखविणाऱ्या तीन निरनिराळ्या संस्थांची वर्गणी नियमितपणें भरली जाते. आमचा चिरंजीव लहानपणीं ज्या चित्रपटावर लुब्ध होता, तो ‘रामायण : द लेजेंड ऑफ प्रिन्स राम’ हा ॲनिमेशनपट आपल्या मुलीस दाखवावा अशी त्याची इच्छा होती, आणि त्यासाठीं त्यानें दोन संध्याकाळी खर्चीं घातल्या. एका ठिकाणीं भलतेंच रामायण निघालें. दुसऱ्या ठिकाणीं चित्रपटाचें नांव होतें, भित्तिचित्र होतें, कथेचा सारांशहि होता. फक्त चित्रपट तेवढा नव्हता. तिसऱ्या ठिकाणीं ‘आपल्या देशांत उपलब्ध नाहीं’ अशी पाटी लागली. रामाचा चित्रपट, आणि तो रामाच्या देशांत उपलब्ध नाहीं! एवढें झाल्यावर, पोर रडवेलें झालेलें पाहून, सूनबाईंनीं जी प्रत सांपडली ती लावली. आणि अशा रीतीनें आमच्या घरांत डावखुऱ्या रामाचा प्रवेश झाला.

या लेखांत आम्ही जो वाद मांडणार आहों तो एका चित्रपटापुरता किंवा एका घरापुरता नाहीं. प्रश्न असा कीं, योग्य मोबदला देण्यास राजी असलेल्या एखाद्या कुटुंबाला तीस वर्षांपूर्वींचा एक चांगला ॲनिमेशनपट आपल्या मुलांना घरीं दाखवावयाचा असेल, तर तो राजमार्गानें मिळावा कीं नाहीं? आमचें उत्तर असें कीं, तो मिळालाच पाहिजे. आणि ज्यांच्या हातीं त्याची मालकी आहे त्यांनीं तो लोकांसमोर ठेवणें हा उपकार नसून मालकीबरोबर अंगावर आलेलें कर्तव्य आहे.

प्रथम हा चित्रपट काय योग्यतेचा आहे तें सांगितलें पाहिजे, म्हणजे ‘एका कार्टूनसाठीं एवढा आक्रोश कशाला’ असें म्हणणाऱ्यांची समजूत पडेल. युगो साको हे जपानी चित्रपटकार १९८० नंतरच्या पहिल्या कांहीं वर्षांत भारतांत आले, ते पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल यांच्या उत्खननांवर माहितीपट करण्यासाठीं. त्या निमित्तानें रामकथा त्यांच्या मनांत शिरली ती कायमची. रामासारखें पात्र हाडामांसाच्या नटापेक्षां रेखाटनांतूनच अधिक चांगलें उतरेल, असा त्यांचा विश्वास होता. परंतु कोणी परकीय मनुष्य आमच्या रामाचें ‘कार्टून’ करणार, या कल्पनेनेंच येथें आक्षेप निघाले. आणि विषय नाजूक म्हणून भारत सरकारनेंहि सहनिर्मितीस संमति दिली नाहीं. तेव्हां चित्रपट मुख्यतः जपानांत सिद्ध झाला. तथापि कोइची सासाकी आणि साको यांच्या बरोबरीनें दिग्दर्शनाचा भार आमच्या राम मोहन यांनीं उचलला. एक लक्षाच्या आसपास हातानें काढलेलीं चित्रें आणि साडेचारशें कलावंत, असा या कामाचा आंकडा सांगितला जातो. संगीत वनराज भाटिया यांचें, संवाद मुळांत इंग्रजी, गीतें संस्कृत. सव्वादोन तासांच्या या कृतींत अयोध्येच्या प्रासादांचे खांब, पंचवटीचें अरण्य आणि लंकेचे तट अशा निगुतीनें रेखाटलेले आहेत कीं, त्यापुढें कित्येक खर्चिक आधुनिक चित्रपट फिके पडावे.

राम मोहन यांचें नांव मुंबईकरांस परकें नाहीं. १९५६ सालीं मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनमध्यें कार्टून-विभाग निघाला, तेव्हां डिस्नेच्या चित्रशाळेंत काम केलेले क्लेअर वीक्स हे तेथें शिकविण्यास आले होते. त्या पहिल्या तुकडींतील राम मोहन हे तरुण चित्रकार. त्या विभागानें १९५७ सालीं जातककथेवरील ‘द बनियन डीअर’ काढला. पुढें सत्यजित राय यांच्या १९७७ च्या ‘शतरंज के खिलाडी’मधील रेखाटलेला प्रवेशहि राम मोहन यांच्याच हातचा. २०१४ सालीं त्यांस पद्मश्री मिळाली. २०१९ सालीं ते मुंबईंतच निवर्तले. साको त्यापूर्वींच, २०१२ सालीं, गेले. सारांश, हा चित्रपट म्हणजे दोन देशांतील थोर कारागिरांच्या आयुष्याची मिळकत आहे.

आतां या मिळकतीचें पुढें काय झालें तें पाहावें. चित्रपट पुरा झाला १९९२ सालीं. त्या वर्षाच्या डिसेंबरनंतर देशांत जें वातावरण होतें, त्यांत रामाच्या नांवाचा चित्रपट शांतपणें गांवोगांव चालविणें सोपें नव्हतें. चित्रपटगृहांतून तो फारसा लोकांपर्यंत पोंचला नाहीं. तो पोंचला दूरचित्रवाणीवरून. कार्टून नेटवर्कवर हिंदी रूपांत तो पुनःपुन्हां दाखविला गेला. रामाला अरुण गोविल यांचा, रावणाला अमरीश पुरी यांचा आणि निवेदनाला शत्रुघ्न सिन्हा यांचा आवाज होता. तो आवाज ऐकत एक सबंध पिढी लहानाची मोठी झाली. तिकडे अमेरिकेंत जेम्स अर्ल जोन्स यांचें निवेदन घालून आणि चित्रपट बराच कापून ‘प्रिन्स ऑफ लाइट’ या नांवानें एक निराळीच आवृत्ति निघाली. म्हणजे एकाच चित्रपटाच्या तीन देशांत तीन तऱ्हा झाल्या. आणि यथाकाल दूरचित्रवाणीवरील प्रयोग बंद पडल्यावर कोणती तऱ्हा कोणाच्या कपाटांत आहे हें सामान्य प्रेक्षकास कळण्याचा मार्ग उरला नाहीं.

आमच्या म्हणण्यावर जे आक्षेप घेतले जातात त्यांचा आतां क्रमानें परामर्श घेऊं.

पहिला आक्षेप असा : ‘आजकाल सर्व कांहीं घरबसल्या मिळतें; तुम्हांला शोधतां येत नाहीं, हा तुमच्या वयाचा दोष.’ आमच्या वयाचा दोष आम्हांस मान्य आहे. परंतु आमच्या चिरंजीवाचें वय चाळिशीच्या अलीकडे असून तो दिवसभर संगणकावरच काम करितो. शोधणारा अडाणी आहे म्हणून वस्तु सांपडत नाहीं, असें हें प्रकरण नाहीं. एका चित्रपटाची मालकी ही एक वस्तु नसून हक्कांची मोळी असते. चित्रपटगृहाचा हक्क एकाकडे, दूरचित्रवाणीचा दुसऱ्याकडे, तबकडीचा तिसऱ्याकडे. त्यांतहि प्रत्येक देशाचा निराळा, प्रत्येक भाषेचा निराळा आणि प्रत्येकाची मुदत निराळी. तीस वर्षांपूर्वीं जे करार झाले, त्यांच्या लेखकांस घरोघर तारेनें चित्रपट येतील अशी कल्पनाहि नव्हती. म्हणून या नव्या हक्काविषयीं ते करार पुष्कळदां मुके असतात. मुक्या कराराचा अर्थ लावण्यास वकील लागतो, वकिलास पैसे लागतात, आणि जुन्या बालचित्रपटासाठीं तो खर्च करण्याची हौस कोणासहि नसते. चित्रपट अशा रीतीनें जिवंत असून बेवारशी होतो.

तबकडीचीहि तीच गत. डीव्हीडीच्या काळीं कंपन्यांनीं जगाचे विभाग पाडून प्रत्येकास निराळें कुलूप लावलें होतें. अमेरिकेचा क्रमांक १, जपान व पश्चिम युरोप यांचा २, भारताचा ५. अमेरिकेंत राहणाऱ्या भाच्यानें मामाकडे प्रेमानें तबकडी धाडावी आणि मामाच्या यंत्रानें ती नाकारावी, असे प्रसंग त्या काळीं किती घरांतून घडले असतील! चोरास या कुलपाची किल्ली तेव्हांहि ठाऊक होती. कुलूप अडवीत होतें तें फक्त साव गिऱ्हाइकाला.

दुसरा आक्षेप व्यापारी मंडळींचा : ‘मागणीच नाहीं, तर माल कशासाठीं ठेवावा?’ यास उत्तर आम्ही देण्याची आवश्यकता नाहीं. तें २०२५ सालानेंच दिलें आहे. त्या वर्षीं २४ जानेवारीस हाच चित्रपट नव्यानें स्वच्छ करून, ४के या बारीक विणीच्या रूपांत, भारतांतील चित्रपटगृहांत झळकला. मागणी नसती तर बत्तीस वर्षांनंतर हा उद्योग कोणी केला असता? आम्हीहि नातीस घेऊन गेलों. राम उजव्या हातानें बाण सोडीत आहे हें पाहून तिनें आमच्याकडे वळून विजयी मुद्रेनें पाहिलें, तें आम्ही विसरणार नाहीं. परंतु त्या आनंदांतहि एक उणेपणा राहिला. हा प्रयोग मूळ इंग्रजींत आणि नव्यानें केलेल्या हिंदी, तमिळ व तेलुगू रूपांत होता. बाहेर पडतांना आमचा चिरंजीव हळूच म्हणाला, “बाबा, चित्रें तींच आहेत, पण आवाज ते नव्हेत.” लहानपणीं कानांत बसलेला आवाज हाहि त्या कृतीचाच एक भाग होऊन गेलेला असतो. नवें रूप करूं नये असें आमचें म्हणणें नाहीं. नवें करतांना जुनें कपाटांत कोंडूं नये एवढेंच म्हणणें आहे. आणि मराठीचें काय, हा प्रश्न आम्ही विचारीत नाहीं. ज्या भाषेच्या मुलुखांत पंचवटी आहे, त्या भाषेचें नांव त्या यादींत नव्हतें, एवढें नमूद करून पुढें जातों.

व्यापाऱ्यांवर अन्याय होऊं नये म्हणून एक गोष्ट कबूल केली पाहिजे. जुनी फीत धुऊन, तिची प्रत्येक चौकट नव्या यंत्रांतून उतरवून घेणें हें खर्चाचें काम आहे. त्याबद्दल त्यांनीं मोबदला घ्यावा, भरपूर घ्यावा. आमची तक्रार किंमतीविषयीं नाहीं. दुकान बंद ठेवण्याविषयीं आहे. आणि दुकान बंद ठेवण्याची ही रीत नवी नाहीं. डिस्ने कंपनी आपले प्रसिद्ध ॲनिमेशनपट घरगुती कॅसेटवर थोडे महिने विकून मग कित्येक वर्षें तिजोरींत ठेवीत असे, आणि त्या तिजोरीची जाहिरातहि अभिमानानें करीत असे. ही टंचाई मुद्दाम निर्माण केलेली होती. आजची टंचाई बहुधा आळसाची आहे. परंतु उपाशी राहणारास धान्य कोठारांत मुद्दाम कोंडलें कीं विसरून कोंडलें, यानें काय फरक पडतो?

येथें ‘विकत घेणें’ या शब्दाचीहि थोडी चौकशी केली पाहिजे. कांहीं वर्षांपूर्वीं एका दुकानावरून (त्याचें नांव सांगण्याचें कारण नाहीं, कारण रीत सर्वांचीच तशी आहे) आम्हीं एक जुना ॲनिमेशनपट ‘विकत’ घेतला. भाड्याचा दर निराळा आणि विक्रीचा निराळा, असें तेथें स्पष्ट लिहिलें होतें. आम्हीं विक्रीचा दिला. दीड वर्षानें पाहतों तों चित्रपट आमच्या संग्रहांतून नाहींसा! विचारणा केली तेव्हां उत्तर आलें कीं, आपण चित्रपट घेतला नव्हता, तो पाहण्याची अनुज्ञा घेतली होती, आणि मूळ मालकाशीं असलेला करार संपतांच ती अनुज्ञाहि संपली. पुस्तकविक्रेत्यानें दीड वर्षानें घरांत शिरून फडताळांतील पुस्तक उचलून न्यावें आणि वर म्हणावें कीं ‘तुम्हीं वाचण्याची परवानगी घेतली होती’, तर त्यास आपण काय म्हणूं? खुद्द कलावंतांचीहि यांतून सुटका नाहीं. ऑगस्ट २०२२ मध्यें अमेरिकेंतील एचबीओ मॅक्स या संस्थेनें ‘इन्फिनिटी ट्रेन’सारख्या ॲनिमेशन-मालिकांसह कित्येक कृति एकदम काढून टाकल्या. ज्यांनीं त्या कृतींवर वर्षेंच्या वर्षें घालविलीं, त्यांनाहि आपलें काम लोकांना कोठें पाहा म्हणून सांगावें हें कळेना.

तिसरा आक्षेप तरुण मंडळींचा, आणि तो सर्वांत अवघड : ‘मालक देत नसतील तर लोकांनीं घेतलेली प्रत पाहावी, त्यांत पाप कसलें?’ येथें आम्हांस प्रामाणिकपणें एक अप्रिय सत्य सांगितलें पाहिजे. हा चित्रपट तीस वर्षें लोकांच्या स्मरणांत राहिला तो पुष्कळ अंशीं अशा प्रतींमुळेंच. मालक निजले होते तेव्हां कोणी अनामिक प्रेक्षकानें दूरचित्रवाणीवरून फितीवर उतरवून घेतलेला चित्रपट जपून ठेविला, आणि पुढें तो इतरांना दिला. त्यांस सरसकट चोर म्हणावयास आमची जीभ रेटत नाहीं. परंतु अशा प्रतींवर समाधान मानण्याचा परिणाम काय होतो? कोपऱ्यांत वाहिनीची मोहर, कडा कापलेल्या, रंग उडालेले, गीतें मध्येंच तोडलेलीं, आणि अखेरीस राम डावखुरा. जुन्या व्हीसीडीवरील चित्राची उंची अवघ्या २८८ ठिपक्यांची असे. ४के रूपांत ती २१६० ठिपक्यांची असते. साडेचारशें कलावंतांनीं काढलेली पानापानावरची रेघ त्या २८८ ठिपक्यांत कोठें राहणार? त्यांतून ज्या जागीं मुलें हा चित्रपट पाहतात, तेथें त्याच्या शेजारीं दुसरें काय मांडलेलें असतें, आणि बोट जरा घसरलें तर तें पोर कोठें जाऊन पोंचतें, हें प्रत्येक आईबापांनीं एकदां शेजारीं बसून पाहावें. आणि सर्वांत मोठी हानि ही कीं, मूल पहिल्या धड्यांतच शिकतें कीं चांगली वस्तु आडमार्गानेंच मिळते. हा धडा आम्हीं त्याला दिला नाहीं. ज्यांनीं राजमार्ग बंद ठेविला त्यांनीं दिला.

चौथा आक्षेप विद्वानांचा असून तो बहुधा बोलून दाखविला जात नाहीं, भुवई उंचावून सुचविला जातो : ‘अखेर तें मुलांचें कार्टून!’ आमच्या मतें सर्व अनर्थाचें मूळ या भुवईंत आहे. मोठ्यांचा चित्रपट हरवला तर त्याच्यासाठीं लेख लिहिले जातात; मुलांचा हरवला तर मुलें मोठीं होतात आणि विसरतात, असें आपण गृहीत धरितों. म्हणूनच या क्षेत्रांतील नाश सर्वांत जुना आहे. जगांतील पहिला दीर्घ ॲनिमेशनपट म्हणून ज्याची नोंद आहे, तो अर्जेंटिनांतील किरीनो क्रिस्तियानी यांचा १९१७ चा ‘एल आपोस्तोल’ आगींत जळून गेला. आज त्याचें फक्त नांव उरलें आहे. आपल्याकडे दादासाहेब फाळके यांनीं १९१५ सालीं आगपेटींतील काड्या पडद्यावर नाचविल्या. ती ‘आगकाड्यांची मौज’ पाहणें आज कोणाच्याहि नशिबीं नाहीं. प्रभात कंपनीनें १९३४ सालीं ‘जंबूकाका’ हें कार्टून काढलें होतें, हें किती मराठी घरांना ठाऊक आहे? ‘अयोध्येचा राजा’ आणि ‘संत तुकाराम’ आपण अभिमानानें सांगतों. त्याच प्रभातचा कोल्हा मात्र आपल्या आठवणीच्या रानांत कोठें दडला तें आपण विचारीतहि नाहीं.

तेव्हां उपाय काय? नुसती हळहळ व्यक्त करून थांबावें, हा आमचा स्वभाव नाहीं. सुदैवानें आपल्या कायद्यास या प्रश्नाची तोंडओळख आहे. पुस्तकांसाठीं १९५४ चा कायदा आहे. भारतांत छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची प्रत प्रकाशकानें कलकत्त्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयास आणि आणखी तीन ग्रंथालयांस दिली पाहिजे, असें तो सांगतो. म्हणून शंभर प्रतींचें एखादें फुटकळ पुस्तकहि कोठें तरी अभ्यासकास सांपडण्याची आशा राहते. चित्रपटांस या कायद्याची छाया नाहीं. पुण्यास १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे आणि तेथें मोलाचें काम झालें आहे; परंतु पुस्तकासारखा हक्कानें चित्रपट मागून घेण्याचा अधिकार १९५४ च्या त्या कायद्यानें त्यास दिलेला नाहीं.

दुसरें, १९५७ च्या स्वामित्वहक्क कायद्याप्रमाणें चित्रपटावरील हक्क प्रसिद्धीनंतरच्या वर्षापासून साठ वर्षें चालतो. साठ वर्षें! म्हणजे लहानपणीं पाहिलेला चित्रपट मोकळा होण्याच्या वेळीं पाहणारा सत्तरीच्या घरांत असतो. एवढी दीर्घ सनद समाजानें दिली ती कृति लोकांपर्यंत पोंचावी म्हणून, तिच्यावर बसून राहावें म्हणून नव्हे. आणि हें आमचें एकट्याचें मत नाहीं. त्याच कायद्याचें ३१ वें कलम असें सांगतें कीं, एकदां लोकांपुढें आलेली कृति पुन्हां प्रसिद्ध करण्यास मालकानें नकार दिला आणि त्यामुळें ती लोकांस दुर्मिळ झाली, तर न्यायासनाकडे दाद मागून योग्य मोबदल्यावर ती प्रसिद्ध करण्याचा परवाना मिळवितां येतो. कर्ता अज्ञात असेल किंवा सांपडत नसेल तर त्यासाठीं ३१-अ हें कलम आहे. तत्त्व मान्य झालेलें आहे. अडचण व्यवहाराची आहे. मालक नकार देत नाहीं, तो नुसता गप्प बसतो. आणि एका कुटुंबानें एका मुलीच्या सुट्टीसाठीं उच्च न्यायालयाची पायरी चढावी, ही अपेक्षा वेडेपणाची आहे.

म्हणून आमच्या मागण्या चारच आहेत. पहिली : ठराविक काळ, समजा पांच वर्षें, एखादा चित्रपट देशांत कोणत्याहि सरळ मार्गानें मिळत नसेल, तर मालकाचें मौन हाच नकार समजावा, आणि सार्वजनिक ग्रंथालयांस तो बेताच्या मोबदल्यावर सभासदांना दाखविण्याचा परवाना सोप्या अर्जावर मिळावा. दुसरी : प्रदर्शित होणाऱ्या प्रत्येक चित्रपटाची उत्तम प्रत, सर्व भाषांच्या ध्वनिपट्टीसह, राष्ट्रीय संग्रहालयास देणें बंधनकारक करावें, म्हणजे नवा आवाज आला तरी जुना मरणार नाहीं. तिसरी : जेथें ‘विक्री’ असें लिहिलें असेल तेथें ती विक्रीच असावी, नसेल तर त्या शब्दास तेथें मज्जाव असावा. चौथी : चित्रपटाचे हक्क कोणाकडे आहेत याची एक सार्वजनिक नोंदवही असावी. जमिनीच्या तुकड्याचा सात-बारा कोणासहि पाहतां येतो. मग चित्रपटाचा कां नसावा?

सरकारला व व्यापाऱ्यांना एवढें सांगितल्यावर वाचकांनाहि दोन शब्द सांगणें न्यायाचें होईल. आपल्या घरांतील जुन्या तबकड्या आणि फिती ‘आतां यंत्रच नाहीं’ म्हणून रद्दींत टाकूं नका. वर्गणी ही भाडें आहे, संग्रह नव्हे, हें लक्षांत ठेवा. आणि जो चित्रपट नातवंडांना दाखवावासा वाटतो तो सरळ मार्गानें विकत मिळत असेल त्या दिवशींच घ्या. उद्या तो तेथें असेलच असें नाहीं. म्हणूनच या क्षणीं कोणता चित्रपट कोणत्या दुकानीं आहे याची यादी आम्ही येथें छापलेली नाहीं; अंक आपल्या हातीं पडेपर्यंत ती खोटी ठरावयाची. मासिकाच्या एका महिन्याच्या आयुष्यापेक्षांहि ज्या व्यवस्थेचा भरंवसा कमी, तिच्या हातीं आपण आपल्या मुलांचें बालपण सोपविलें आहे!

चित्रपटगृहांतील तो प्रयोग कांहीं आठवड्यांत उतरला. त्यानंतर आमच्या शेजारच्या बाईंनीं विचारलें, “काका, तुमच्या नातीनें पाहिला तो रामाचा सिनेमा आमच्या मुलांना घरीं दाखवायचा आहे. कुठें मिळेल हो?” प्रश्न साधा होता. पुस्तकाविषयीं असता तर आम्हीं दुकानाचें नांव सांगितलें असतें, नाहीं तर ग्रंथालयाचें, नाहीं तर आमच्या फडताळांतून काढून दिलें असतें. ज्या कृतीसाठीं परदेशांतील एक मनुष्य दहा वर्षें झटला, जिच्यांत आमच्याच शहरांतील एका चित्रकाराचा हात आहे, आणि जी आमच्याच आदिकाव्यावर उभी आहे, तिच्याविषयीं मात्र उद्यांहि खरा ठरेल असा पत्ता आम्हांस देतां आला नाहीं. आमची नात शेजारींच उभी होती. ती चटकन् म्हणाली, “तो उलटा मिळतो, काकू. मी लावून देते.”

आमच्या सर्व युक्तिवादापेक्षां तें एक वाक्य अधिक बोलकें आहे. ज्यांना लाज वाटावयास पाहिजे त्यांच्या कानीं तें पडो.